अन्याच्या हातचा द्राक्षरस

इस्लामपूरपासून जरा आत, उसाच्या पट्ट्यात, पास्टर नानासोंचं प्रार्थनाघर आहे. वर पत्रा, खाली शहाबादी फरशी, भिंतीला निळा रंग, पुढं एक टेबल आणि टेबलावर मंगलमावशीनं विणलेला पांढरा रुमाल. ह्या मंडळीत कुणाला हाकलून देत नाहीत. तेवढं मन मोठं आहे त्यांचं! चुकलेल्या माणसाला फक्त दाराशी, चपलांच्या ढिगाजवळ बसवतात, आणि महिन्याच्या पहिल्या रविवारी प्रभुभोजनाचं ताट त्याच्या नाकासमोरून पुढं नेतात. ह्याला शिस्त म्हणायचं. दारू पिऊन आलेल्याला तीन महिने शिस्त, बायकोवर हात उचलणाऱ्याला दोन, जत्रेत नारळ फोडून आलेल्याला एक. अनुग्रह वायदंडे तिथं अकरा महिने बसून होता, आणि त्याच्या शिस्तीला महिन्यांचा हिशोबच नव्हता.

अनुग्रह हे नाव पास्टरांनीच, त्याला शाळेत घालताना ठेवलेलं. गावानं त्याचं अन्या केलं. वय सत्तावीस, अंगानं काटकुळा, तासगावकडच्या एका बेदाण्याच्या शेडमध्ये निवडणीच्या मशीनवर कामाला. साबणानं कितीही धुतला तरी हाताला चिकट गोड वास राहायचाच. बाप तो तीन वर्षांचा असताना गेला. आई मनुबाई लोकांच्या उसात भांगलण-खुरपण करून पोराला वाढवत होती, तेव्हा ह्याच मंडळीनं तिला धरलं, हे अन्या आजही नाकारत नाही. पोराला ताप आला की मंगलमावशी उशाशी येऊन बसायची. शाळेचा गणवेश मंडळीनं शिवला. अन्या तिथंच ढोलकी शिकला, तिथंच हात वर करून रडायला शिकला. म्हणून तर दुखणं मोठं. परक्यानं मारलं असतं तर माणूस एक शिवी हासडून मोकळा झाला असता.

मनुबाईला मंडळीत एक मान होता. प्रभुभोजनाचा द्राक्षरस ती करायची. दुकानातली बाटली ह्यांना चालत नाही, आणि दारूचं तर नावसुद्धा काढायचं नाही. शुक्रवारी काळे बेदाणे भिजत घालायचे, शनिवारी उकळायचे, कुस्करायचे, मलमलच्या फडक्यातून दोनदा गाळायचे आणि बाटलीत भरायचे. उकळताना कुणाशी बोलायचं नाही, प्रार्थना करायची. अठरा वर्षं तिनं हे केलं. मग साखरेच्या दुखण्यानं तिचे डोळे धरले, हात कापायला लागले, गाळताना निम्मा रस चुलीवर सांडायला लागला. मान जाईल म्हणून ती कुणाला बोलली नाही. अन्यानं फडकं आपल्या हातात घेतलं. दोन वर्षं रस अन्या करत होता आणि बाटली मनुबाईच्या हातून जात होती. घरातली गोष्ट घरातच राहिली.

आता पास्टर नानासो. एके काळी हा माणूस म्हणजे गावाची डोकेदुखी होता. पिऊन गटारात पडायचा, घरी आला की भांडी फेकायचा, आणि एकदा चुलीतलं जळतं लाकूड त्यानं बायकोच्या दंडाला लावलं होतं. ती बायको म्हणजे मंगलमावशी. मग साताऱ्याच्या बाजूला कुठल्याशा सभेत कुणीतरी त्याच्या डोक्यावर हात ठेवला आणि दारू सुटली ती सुटलीच. बावीस वर्षं झाली. दर सभेला तो ती साक्ष सांगतो, छातीवर हात मारून.

"एक थेंब! एक थेंब जरी जिभंला लागला, तर हा नानासो मेला म्हणून समजा!"

"हालेलूया!" म्हणून लोक ओरडतात.

आणि हे खोटं नाही, बरं का. माणूस खरंच सुधारला. पण सुधारलेल्या माणसाला एक रोग जडतो. आपण निघालो त्याच साच्यातून सगळी दुनिया निघाली पाहिजे, असं त्याला वाटायला लागतं.

आणखी एक पद्धत सांगून टाकतो, कारण सगळं रामायण तिच्यापायीच झालं. प्रभुभोजनाच्या वेळी रसाचे छोटे स्टीलचे कप सगळ्यांच्या हातात जातात, पण कुणी पीत नाही. पास्टर थांबतात आणि म्हणतात, "कुणाच्या मनात काय लपलेलं असंल, कुणाविषयी काय असंल, तर आत्ता उठा. समेट करा. मग प्या." जो उठेल त्यानं मन मोकळं करायचं आणि शेवटी आमेन म्हणायचं. मग पहिला घोट पास्टर घेणार, त्यांच्यामागून मंडळी. एकदा दोघं चुलतभाऊ बांधावरून समेटाला उठले, एक बोलत असताना दुसऱ्यानं तोंड घातलं आणि देवाच्या घरात कप फेकून मारायची वेळ आली. तेव्हा नानासोंनी नियम केला. समेटाला उठलेला माणूस आमेन म्हणेस्तोवर मध्ये कुणी बोलायचं नाही. "मी सुदिक न्हाई," असं स्वतःच्या तोंडानं म्हणाले.

अन्याचं काय झालं, ते ऐका. मंडळीत ऋषिराज नावाचा पोरगा कीबोर्ड वाजवतो. घरची बागायती, चुलता फौजेत, आईची कंबर प्रार्थनेनं बरी झाली म्हणून मायलेक येऊ लागलेले. महाबळेश्वरला तरुणांचं शिबिर झालं, जानेवारीत, स्ट्रॉबेरीच्या मळ्याशेजारच्या एका हॉलमध्ये. थंडीनं दात वाजत होते आणि अंथरुणं कमी पडली, म्हणून अन्या आणि ऋषिराज दोघांत एक घोंगडं आलं. पुढची दोन वर्षं अन्या जेवढा सुखात होता तेवढा जन्मात नव्हता, आणि जेवढा भ्यायला होता तेवढाही जन्मात नव्हता. शुक्रवारी उपास धरायचा, गुडघे टेकायचा आणि म्हणायचा, देवा, हे माझ्यातनं काढून घे. देवानं काही ते काढून घेतलं नाही.

त्यातच मनुबाईच्या डोळ्याचं ऑपरेशन मिरजेला झालं आणि बिघडलं. त्याच आठवड्यात पास्टरांनी प्रवचन ठोकलं, की घरात कुणी पाप लपवलं की आजार घरातल्या गरिबाच्या मानगुटीवर बसतो. अन्याला वाटलं, आईचे डोळे आपल्यापायीच गेले. आता जी चूक त्यानं केली, ती ह्या मंडळीत वाढलेलाच माणूस करणार. दुसरा कुणी असता तर तोंड मिटून बसला असता. पण अन्यानं लहानपणापासून पाहिलं होतं, की समेटाला उठलेला माणूस रडतो, मोकळा होतो आणि सगळे त्याच्या गळ्यात पडतात. तो आधी पास्टरांना भेटला आणि सगळं सांगितलं, फक्त नाव सोडून. पास्टरांनी त्याला मिठीत घेतलं.

"मंडळीपुढं बोल, लेकरा. मोकळा हो. आमी तुला धरू."

रविवारी अन्या उठला. हातातला कप त्यानं दोन्ही हातांनी धरला.

"मला पोरींचं काय वाटत न्हाई. मला पोरगं आवडतं. मी लय प्रार्थना केली. देवापसनं लपवलं न्हाई, तुमच्यापसनंबी लपवत न्हाई. आमेन."

मग पास्टरांनी विचारलं, "कोण पोरगं?"

अन्यानं फरशीकडं पाहिलं. कीबोर्डकडं बघायचं नाही, एवढंच त्याला त्या वेळी सुचलं.

"नाव न्हाई सांगणार."

झालं! 'आमी तुला धरू' म्हणाले होते ना? धरलं की. चौघांनी धरलं. दोघांनी दंड, दोघांनी मान. पास्टरांनी डोक्यावर अख्खी बाटलीभर अभिषेकाचं तेल ओतलं, हाताला चोळलं, आणि "निघ! निघ ह्याच्यातनं!" म्हणून अर्धा तास आरडाओरडा चालला. आणि हे सगळं मोबाइलवर लाइव्ह. दुसऱ्या दिवशी शेडमध्ये बेदाणा निवडणाऱ्या बायकांपासून ते ट्रक भरणाऱ्यांपर्यंत सगळ्यांनी ते पाहिलेलं होतं. मशीनमागून कुणीतरी "निघ! निघ!" म्हणून ओरडलं आणि शेड खदाखदा हसली. ऋषिराजनं त्याचा नंबर ब्लॉक केला तो त्याच दिवशी. आणि पास्टरांनी निकाल दिला, "नाव सांगंपर्यंत शिस्त." वर मनुबाईला बजावलं, "पोराचा हात रसाला लागू देऊ नको." मनुबाईनं मान हलवली.

घरी येऊन ती म्हणाली, "अन्या, मी पास्टरला सांगते, आता मला हुईत न्हाई म्हणून. दुसऱ्या कुणाला तरी करू दे."

"न्हाई. रस मीच करणार," अन्या म्हणाला.

पहिल्यांदा त्यात काही डाव नव्हता. टेबलाशी त्याचं एवढंच नातं उरलं होतं आणि ते त्याला सोडवत नव्हतं. शनिवारी चूल पेटवायची, पातेल्यापाशी बसायचं, ओठ हलवत राहायचं. तिसऱ्या-चौथ्या महिन्यात, फडकं पिळता पिळता, त्याच्या ध्यानात आलं, की आपण 'हे काढून घे' म्हणायचं विसरूनच गेलोय. नुसतं 'आजचा रस चांगला होऊ दे' एवढंच म्हणतोय. आणि देव आहे तसाच जवळ आहे, चुलीच्या धगीएवढा जवळ. अन्या तिथंच फडकं हातात धरून रडला, आणि बऱ्याच दिवसांनी सुखानं रडला. देव रुसलेला नव्हताच. रुसली होती ती नानासोंची मंडळी.

पण देवाशी जमलं म्हणून माणसांना माफी मिळाली, असं थोडंच आहे?

त्यात नानासोंनी नवीनच सुरू केलं. त्यांचा गुडघा कित्येक वर्षं धरला होता, तो एका प्रभुभोजनानंतर सुटला. मंडळीतले वडीलधारे भाऊसो, त्यांच्या सुनेला नऊ वर्षं मूल नव्हतं, तिला दिवस गेले. पास्टर दर महिन्याला ही यादी वाचायचे आणि बोट दाराकडं करायचे.

"आपल्यातली घाण बाजूला काढली, तवा आशीर्वादाचा झरा वाहाया लागला!"

"हालेलूया!"

चपलांजवळ बसून अन्या दात-ओठ खायचा. झरा म्हणे! हा झरा कुणी गाळला रं नानासो? कुणाच्या फडक्यातनं आला? तळपायाची आग मस्तकात जायची. समोरून ताट जायचं, आपल्याच हातच्या रसाचा वास यायचा आणि त्याला एक थेंब मिळायचा नाही.

एका रविवारी कृपा नावाची पोरगी चपला शोधायला वाकली. मिरजेला नर्सिंगला आहे, मंडळीचा लाइव्हचा मोबाइल तीच सांभाळते. चपला शोधता शोधता ती पुटपुटली, "दादा, मीबी तुझ्यासारखीच हाय. मला पोरी आवडत्यात. मी समेटाला उठू का रं?"

"उठू नको," अन्या म्हणाला. "मेलीस तरी उठू नको."

ती घाईघाईत दुसरीच्याच चपला घालून गेली. आणि अन्या दिवसभर स्वतःवर चडफडत बसला, की एका चांगल्या पोरीला आपण खोटं जगायला शिकवलं. मग तो राग त्यानं उचलला आणि नानासोंच्या खात्यावर टाकला. तिथं आधीच बरंच साठलं होतं.

मंडळीचा वर्धापनदिन आला. तोही महिन्याच्या पहिल्याच रविवारी. साताऱ्याहून, खंडाळ्याहून पाहुणे पास्टर येणार, मांडव पडणार, आणि सगळ्यांसमोर पहिला घोट नानासो घेणार. अन्यानं तीन आठवडे आधी एक वेगळी बाटली लावली. बेदाणे भिजवले, कुस्करले, पण उकळले नाहीत. वर साखर टाकली, झाकण सैल ठेवलं आणि बाटली माळ्यावर पत्र्याच्या उबेला नेऊन ठेवली. चौथ्या दिवशी बुडबुडे आले. दुसऱ्या आठवड्यात रस फसफसायला लागला. तिसऱ्यात शांत झाला. अन्यानं बोट बुडवून चाखलं. आधी गोड, मग जिभेला चटका, मग घशात ऊब. तो एकटाच हसला. रंग तर अस्साच, काळा-तांबडा, कुणी शपथेवर सांगू शकलं नसतं. पण नानासोंची जीभ ओळखणार! बावीस वर्षं झाली तरी ती जीभ ओळखणार. थुंकला तर पाहुण्यांपुढं प्रभुभोजन थुंकला, आणि गिळला तर साक्ष संपली. हे चित्र अन्या मशीनवर उभ्या उभ्या दिवसातून दहादा बघायचा आणि त्याला भूक लागायची.

"घरात कसला वास येतुया रं?" मनुबाईनं एकदा विचारलं.

"बेदाणं खराब झाल्यात."

"तुझ्या बापाच्या तोंडाला असाच यायचा," ती म्हणाली आणि भाकरी थापायला लागली.

शनिवारी दुपारी दोन्ही बाटल्या ओट्यावर शेजारी शेजारी उभ्या होत्या. एक उकळलेली, एक आंबलेली. मनुबाई शेजारी गेली होती. मंगलमावशी रस न्यायला आली.

"दोन कशापायी?" तिनं विचारलं.

"पाव्हणं लय हायत न्हवं."

मंगलमावशी पाटावर टेकली. पदरानं घाम पुसला आणि सहज विचारावं तसं विचारलं, "तुझ्याच हातचा हाय न्हवं?"

अन्यानं हातातलं फडकं पाठीमागं लपवलं.

"मनूच्या रसाला तळाशी गाळ असायचा. आता किती दिस झालं, गाळ न्हाई. मनूला डोळ्यानं दिसंना आन् रस काचंवानी? मी काय खुळी हाय व्हय?"

"मग बोलला न्हाईसा?"

"बोलून काय करू? दर म्हयन्याला पिते मी. गोड लागतो." ती म्हणाली. "त्यांनी तुला धरलं, तवा मी पुढंच बसले हुते. गप बसले. त्येचं पाप माझ्याबी डोक्यावर हाय, अन्या. पर एक सांगते. बावीस वरसं झाली, सांज झाली की माझ्या पोटात गोळा येत न्हाई. एवढं एक त्या माणसानं केलंय."

असं म्हणून ती उठली आणि पिशवीत ठेवायला बाटली उचलली. हाताशी जी होती तीच उचलली. आंबलेली. हात वर झाला, झंपरची बाही सरकली आणि दंडावरचा चट्टा दिसला, चार बोटं रुंद, चुरगळलेल्या कागदासारखी कातडी.

अन्याला फक्त गप्प बसायचं होतं. तीन आठवडे ज्यासाठी काढले ते आपल्या पायानं चाललं होतं. नानासोंची साक्ष बुडाली असती, आणि उद्या सांज झाल्यावर हिच्या पोटात पुन्हा गोळा उठला असता. सूड घ्यायचा नानासोंवर आणि भाजायची ही?

"थांबा मावशी. ती नगं," तो म्हणाला. "ती आंबलीया."

मंगलमावशीनं झाकण काढून वास घेतला. तो वास तिला ओळखीचा होता. तिचा चेहरा पांढराफटक पडला. मग बाटली ओट्यावर ठेवली आणि दुसरी पिशवीत घातली.

"राग आलाय तर तोंडानं काढ, लेकरा," ती म्हणाली. "माझ्या सांजंवर काढू नको."

ती गेल्यावर अन्यानं आंबलेली बाटली मागच्या गटारात ओतली. सूड मात्र ओतला नाही. तो तसाच भरलेला होता, फक्त आता दुसऱ्या भांड्यात ठेवायचा होता. मनुबाई परत आल्यावर त्यानं तिला विचारलं, "आये, उद्या मी रसाचं सांगितलं तर तुझा मान जाईल. सांगू का?"

मनुबाईनं चाचपडत ओट्यावरचं फडकं उचललं आणि त्याची घडी घातली. मग म्हणाली, "सांग. चोरीचा मान आता मलाबी जड झालाय."

रविवारी मांडव भरला. पाहुणे पहिल्या रांगेत. नानासोंनी साक्ष सांगितली, छातीवर हात मारला, एक थेंब म्हणाले. मग गुडघा झाला, भाऊसोंची सून झाली. ती सातव्या महिन्यात होती आणि लाजून खाली बघत होती. मग घाण झाली, झरा झाला, बोट दाराकडं गेलं. पाहुण्यांनी माना वळवून चपलांजवळ बसलेली घाण बघून घेतली. ऋषिराजनं कीबोर्डवर हळू सूर धरला. कप वाटले गेले.

"कुणाच्या मनात कुणाविषयी काय असंल, तर आत्ता उठा. समेट करा. मग प्या."

अन्या उठला. शिस्तीतल्या माणसाला प्यायची मनाई असते, उठायची नसते.

"माझ्या मनात पास्टरविषयी हाय," तो म्हणाला. "पास्टर, तुमचा गुडगा बरा झाला. भाऊसोकाकांच्या सुनंला दिस गेलं. घाण काढली म्हणून झालं, असं तुमी सांगितलं. अकरा म्हयनं मी हितं बसून ऐकलं. आता माझं ऐका. रस मी केला. दर म्हयन्याला. माझ्या आईला दिसत न्हाई, तिच्या हातनं गाळणं हुईत न्हाई. बेदाणं मी भिजवलं, मी उकळलं, ह्या हातानं पिळलं. ज्या हाताला तेल चोळून 'निघ' म्हणालासा, त्याच ह्या हातानं. काय बी निघालं न्हाई, पास्टर. मी हुतो तसाच हाय. देवापुढं रोज बसतो, आन् देवाचं आन् माझं बरं चाललंय. तुमच्या हातात आत्ता जो कप हाय, त्योबी माझ्याच हातचा."

सगळ्यांनी आपापल्या कपात पाहिलं.

"आता माझ्या हाताला घाण असंल, तर ती अकरा म्हयनं तुमच्या सगळ्यांच्या पोटात हाय. आन् तुमच्या पोटात आशीर्वाद असंल, तर त्यो चपलांजवळनं आलाय. दोन्हीतलं काय ते पास्टरांनी सांगावं. आन् मग कप प्यावा, न्हाईतर वतावा. मी बगत थांबतो."

आणि तो थांबला. आमेन म्हणाला नाही.

पास्टरांचं तोंड उघडलं आणि मिटलं. नियम त्यांचाच होता. त्यांनी कृपाकडं बघून हातानं खूण केली, मोबाइल बंद कर. कृपानं खूण पाहिली आणि मोबाइल दोन्ही हातांनी आणखी घट्ट धरला. कीबोर्डचा सूर केव्हाच बंद पडला होता. पाहुण्या पास्टरांतल्या एकानं कप पायाशी ठेवला आणि लगेच उचलला, कारण काय करावं ते त्यालाही कळेना. प्यावं तर शिस्त खोटी ठरत होती. ओतावं तर गुडघा, सून, झरा, सगळं खोटं ठरत होतं. नानासोंच्या कपाळावरून घाम ओघळला आणि तो पुसायचंही त्यांना सुचेना. अन्या बघत होता. अकरा महिन्यांत त्याला एवढं गोड काही मिळालं नव्हतं. मिनिटभर, दोन मिनिटं, पाच मिनिटं. अन्या आमेन म्हणेना.

मग मंगलमावशी उठली. पास्टरांच्या आधी ह्या मंडळीत कुणी घोट घेतलेला नव्हता. तिनं कप तोंडाला लावला, अर्धा प्यायली आणि मांडवाच्या मधून चालत दाराशी आली.

"अर्धा तुझा," ती म्हणाली.

अन्यानं कप घेतला. पास्टरांच्या डोळ्यांत डोळे घालून, सावकाश, थेंबही न सांडता तो प्यायला. रस चांगला झाला होता.

"आमेन," तो म्हणाला.

भाऊसोंच्या सुनेनं पोटावर हात ठेवला आणि कप रिकामा केला. मग मनुबाईनं. मग एकेक करत बहुतेकांनी. काहींनी कप फरशीवर ठेवून दिले. ऋषिराजनं मान खाली घालून घोट घेतला आणि वर पाहिलंच नाही. अन्यानं ते बघून ठेवलं. नाव त्यानं घेतलं नाही, माफही केलं नाही.

सभा संपल्यावर माणसं चपला घालून गेली. अन्या तिथंच बसून होता. नानासो आले, तेव्हा भरलेला कप त्यांच्या हातातच होता. पाच मिनिटांत माणूस पाच वर्षांनी थकल्यासारखा दिसत होता.

"तुझी शिस्त उठली," ते म्हणाले. "नाव सांगू नको. पुढं बस."

"पुढं तर बसणारच हाय," अन्या म्हणाला. "पर समेट एका बाजूनं हुईत न्हाई, पास्टर. मला तुमी मंडळीपुढं धरलंसा, मोबाइलपुढं धरलंसा. तुमीबी तिथंच उठायचं आन् तिथंच बोलायचं. तवर माझ्या हातचा रस तुमाला न्हाई."

नानासोंनी कपाकडं पाहिलं आणि तो हळूच चपलांशेजारी फरशीवर ठेवून ते घरी गेले.

आता रसाची बाटली अन्या स्वतःच्या हातानं, सगळ्यांदेखत टेबलावर नेऊन ठेवतो. काही घरं मंडळी सोडून गेली, काही नवीन आली. शेडमधली पोरंसुद्धा म्हणतात, अन्या, आमालाबी तुझ्या हातचा रस पाज की. कृपा अजून समेटाला उठलेली नाही आणि अन्यानं तिला उठ म्हटलेलं नाही, पण आता ती मनुबाईच्या शेजारी, अन्याच्या रांगेत बसते. पहिला घोट मंगलमावशीचा असतो. ताट पास्टरांसमोर येतं आणि पुढं जातं. ते हात बांधून उभे राहतात, प्रार्थना म्हणतात आणि कप उचलत नाहीत. गुडघा पुन्हा दुखायला लागलाय म्हणतात, पण ते खरंखोटं देव जाणे. दर महिन्याला अन्या पहिल्या रांगेतून त्यांच्याकडं बघत बसतो, आता उठतील, मग उठतील.

"म्हातारा वाळून चाललाय रं," परवा मनुबाई म्हणाली. "कवा सोडणार हाईस त्येला?"

अन्या फडकं पिळत होता. त्यानं शेवटचा थेंब गाळून घेतला आणि झाकण लावलं.

"चारच म्हयनं झाल्यात, आये," तो म्हणाला. "अकरा होऊ देत. मग बगू."